द्राक्षाला नोंदवही आहे, चेहऱ्याला नाही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

तुळशीचे लग्न लागले की नाशकात दोन हंगाम एकदम उभे राहतात. बागा फुलोऱ्यात येतात आणि कॉलेज रोडपासून नाशिक रोडपर्यंत घराघरांत 'ब्रायडल ग्लो'ची पत्रके पडू लागतात. आपल्या अंकाच्या घडीतूनही ती येतात. एकाच बैठकीत पील (आम्लाने कातडीचा वरचा थर सोलणे), लेसर, मायक्रोनीडलिंग (बारीक सुया टोचणे), हायड्राफेशियल (यंत्राने चेहरा धुऊन साफ करणे) आणि वर 'गोरेपणाची सलाइन'. दहा दिवसांत तीन सिटिंग. लवकर नाव नोंदवा, सवलत मिळवा. या पत्रकांत उपचारांची नावे ठळक असतात. एका उपचारानंतर दुसऱ्यापर्यंत किती दिवस थांबायचे, याबद्दल मात्र अवाक्षर नसते. हे पत्र त्या मधल्या दिवसांबद्दल आणि त्यांची नोंद ठेवणाऱ्या एका कार्डाबद्दल आहे.

कातडीचा वरचा थर साधारण चार ते सहा आठवड्यांत नवा होतो. आम्ल लावा, सुया टोचा की लेसर मारा, आपण तिला मोजूनमापून जखम करतो आणि ती भरून निघताना जो तजेला येतो तो पदरात पाडून घेतो. आधी काही दिवस सूज आणि लाली, मग दोन-तीन आठवडे नवे कोलॅजन (कातडीला घट्टपणा देणारे प्रथिन) विणण्याचे काम, त्यापुढे कित्येक महिने त्या विणीची घट्ट बसणी. लाली उतरली म्हणजे काम संपले असे ग्राहकाला वाटते. खरे तर तेव्हा आतले काम कुठे नुकते सुरू झालेले असते.

आपल्या कातडीची आणखी एक खोड आहे. अमेरिकन त्वचारोगतज्ज्ञ फिट्झपॅट्रिक यांनी १९७५ साली उन्हाला कातडी कसे उत्तर देते यावरून वर्ग पाडायला सुरुवात केली. आज सहा वर्ग मानतात आणि आपल्यातले बहुतेक जण चौथ्या-पाचव्या वर्गात बसतात. या कातडीला जखम झाली की रंग तयार करणाऱ्या पेशी चेकाळतात आणि जखमेच्या जागी काळा डाग सोडतात. हा डाग दुसऱ्या दिवशी येत नाही. तो बहुधा दोन ते चार आठवड्यांनी उमटतो. दहाव्या दिवशी दुसरे सिटिंग ठरवणारा माणूस पहिल्या सिटिंगचा निकाल लागण्याआधीच दुसरा पेपर लिहायला बसतो. तिसरे सिटिंग होते, मग पंचविसाव्या दिवशी गाल काळवंडतात, आणि तीनपैकी कोणत्या सिटिंगने घात केला हे कोणालाच सांगता येत नाही. अंतर ठेवायचे ते एवढ्यासाठी. चेहरा वरून शांत दिसायला तीन दिवस पुरतात. नुकसान झाले की नाही हे कळायला तीन-चार आठवडे लागतात.

आता एकेका उपचाराबद्दल. पीलबद्दल जरा सविस्तर लिहितो, कारण सगळ्यांत जास्त गोंधळ तिथेच आहे आणि तेच सगळ्यांत निरुपद्रवी समजले जाते.

ग्लायकॉलिक ॲसिड २० ते ७० टक्क्यांपर्यंत आणि सॅलिसिलिक २० ते ३० टक्क्यांपर्यंत वापरतात. बाटलीवरचा टक्का मात्र अर्धीच हकीकत सांगतो. उरलेली अर्धी पीएचमध्ये, म्हणजे आम्लाच्या तीव्रतेच्या आकड्यात असते; तो जितका कमी तितके आम्ल जहाल. ५० टक्क्यांचे द्रावण पीएच ३ असताना सौम्य वागते, तेच पीएच १ असेल तर भाजते. अमेरिकेतल्या सौंदर्यप्रसाधनांची सुरक्षितता तपासणाऱ्या तज्ज्ञसमितीने या वर्गातल्या आम्लांसाठी घातलेली मर्यादा अशी: घरगुती उत्पादनात १० टक्क्यांपर्यंत आणि पीएच ३.५ पेक्षा कमी नाही; प्रशिक्षित सलूनमध्ये ३० टक्क्यांपर्यंत, पीएच ३ पेक्षा कमी नाही, तेही थोडा वेळ लावून नीट धुऊन. याच्या पलीकडचे काम डॉक्टरचे. ज्या बाटलीवर पीएच छापलेला नाही ती बाटली चेहऱ्याजवळ आणू नये, मग ती कितीही 'इम्पोर्टेड' असो.

लावण्याची रीत ठरलेली आहे. चेहरा धुऊन कोरडा करायचा आणि स्पिरिटने किंवा ॲसिटोनने तेलकटपणा सारखा काढायचा. कुठे तेल राहिले तर तिथे आम्ल पोचत नाही आणि शेजारी जास्त शिरते. ओठांच्या कडा, नाकपुड्यांच्या खाचा, डोळ्यांचे कोपरे यांना व्हॅसलीन लावायचे. आधी कपाळ, मग गाल, हनुवटी, आणि घड्याळ समोर. पहिल्या वेळी ग्लायकॉलिक ३०-३५ टक्क्यांच्या पुढे नको आणि वेळ एक ते दोन मिनिटे. लाली सारखी आली की सोडियम बायकार्बोनेटचे द्रावण लावून आम्ल मारायचे. फेस येणे थांबले म्हणजे ते मेले. मधेच एखाद्या जागी करडा-पांढरा ठिपका दिसला तर घड्याळाकडे बघत बसायचे नाही, ती जागा त्या क्षणी निष्प्रभ करायची. सॅलिसिलिक लावल्यावर चेहऱ्यावर दिसणारी पांढरी भुकटी वेगळी. ते आम्लाचे स्फटिक असतात, भाजणे नव्हे. टीसीए, म्हणजे ट्रायक्लोरोॲसेटिक ॲसिड, यातला पांढरेपणा पुन्हा वेगळा: तो कातडीतली प्रथिने गोठल्याचा असतो, आणि टीसीएला बायकार्बोनेटने थांबवता येत नाही. एकदा चढवलेला थर परत घेता येत नाही. तिन्ही पांढरेपणे एकच समजून 'अजून एक कोट' देणारे हात शहरात कमी नाहीत.

वरवरचे पील दोन ते चार आठवड्यांनी पुन्हा करता येते. सावळ्या कातडीला तीन आठवडे हा आमच्या मते बरा हिशेब. मध्यम खोलीचे पील, म्हणजे ३५ टक्क्यांच्या टीसीएसारखे, आपल्या कातडीवर चेहराभर करूच नये. गरोदरपणात सॅलिसिलिक पील टाळावे, ॲस्पिरिनची ॲलर्जी असेल तर मुळीच नको.

मायक्रोनीडलिंगला चार ते सहा आठवडे. सुईची लांबी जागेनुसार बदलते. मुरमांच्या खड्ड्यांसाठी गालावर दीड-दोन मिलिमीटरपर्यंत जाता येते, कपाळावर हाड जवळ असते म्हणून तिथे अर्धा ते एक मिलिमीटर. सुयांची छिद्रे काही तास उघडी राहतात. या वेळात जे लावाल ते थेट आत जाते. कातडीवर लावायचे व्हिटॅमिन सीचे सीरम सुयांनंतर चोळल्याने आत गाठी धरल्याच्या घटना वैद्यकीय नियतकालिकांत नोंदल्या आहेत. सुयांनंतर चोवीस तास निर्जंतुक सलाइन आणि साधे, सुगंध नसलेले मलम, बस्स. ऑनलाइन मिळणारे घरगुती रोलर याच कारणाने नकोत. त्यांची सुई चार वापरांत वाकते, आणि वाकलेली सुई टोचत नाही, फाडते.

फ्रॅक्शनल कार्बन डायऑक्साइड लेसर, ज्याची तरंगलांबी १०,६०० नॅनोमीटर असते, सहा ते आठ आठवड्यांनी. केस काढण्याचा डायोड लेसर चेहऱ्यावर चार ते सहा आणि अंगावर सहा ते आठ आठवड्यांनी. सगळे केस एकाच वेळी वाढीच्या अवस्थेत नसतात, म्हणून हे अंतर. लवकर गेलात तर पुढची तुकडी उगवलेलीच नसते, पैसे मात्र जातात. आणि लेसरआधी चार आठवडे वॅक्सिंग, थ्रेडिंग, चिमटा बंद ठेवावे. लेसर केसाच्या मुळातला रंग शोधतो. मूळच उपटले तर तो शोधणार काय? तोवर वस्तरा चालतो. वस्तऱ्याने केस दाट होतात ही समजूत खोटी आहे.

'लेसर टोनिंग' नावाने १०६४ नॅनोमीटरचा लेसर हलक्या मात्रेत मारतात. आठवड्याला एक असे कितीतरी आठवडे सलग केले तर काळे डाग जाण्याऐवजी कवडीसारखे पांढरे ठिपके येतात, आणि ते काळ्या डागांपेक्षा हट्टी असतात. वांगावर हा उपचार करायचा तर पांढरे ठिपके दिसू लागताच थांबण्याची तयारी हवी.

दोन उपचार एकत्र करूच नयेत असे नाही. वेगवेगळ्या थरांत काम करणारे उपचार जाणकार हातांनी एका दिवशी होऊ शकतात. बोटॉक्सचे इंजेक्शन स्नायू ढिले करते, फिलर (कातडीखाली टोचायची जेल) खोल जागा भरते, पील वरच्या थराला सोलते. नियम एवढाच की एका थरावर एका दिवशी दोन घाव नकोत. पील आणि मायक्रोनीडलिंग, पील आणि केसांचा लेसर, ब्लीच आणि वॅक्स आणि लगोलग फळांच्या आम्लाचे फेशियल, या जोड्या एका दिवशी चेहऱ्यावर पडल्या की भाजल्याचे चट्टे ठरलेलेच. पील आणि लेसर यांच्यामध्ये दोन्ही बाजूंनी दोन आठवडे, सावळ्या कातडीत तीन. हायड्राफेशियल सौम्य असले तरी त्यातही आम्ल असते. त्यालाही पीलपासून आठवडाभर लांब ठेवा.

एका दिवशी करायचेच तर क्रम महत्त्वाचा. यंत्र आधी, सुई नंतर. बोटॉक्स घेऊन वर लेसरचे किंवा रेडिओफ्रीक्वेन्सीचे हँडपीस दाबत फिरवले तर औषध नको त्या स्नायूकडे सरकते आणि पापणी उतरते. सूज आलेल्या कातडीत फिलर भरले तर किती भरले याचा अंदाज चुकतो. फिलरनंतर त्याच भागावर उष्णता देणारे यंत्र निदान दोन ते चार आठवडे नको. दातांची मोठी कामेही फिलरच्या आधी-नंतर दोन आठवडे टाळावीत, कारण तोंडातले जंतू रक्तातून फिलरपर्यंत पोचू शकतात.

बोटॉक्सचा परिणाम तीन-पाच दिवसांत दिसू लागतो, दोन आठवड्यांत पुरा होतो आणि तीन-चार महिने टिकतो. तीन महिन्यांच्या आत पुन्हा पुन्हा टोचत राहिले तर शरीर त्याविरुद्ध प्रतिद्रव्ये तयार करू शकते आणि पुढे औषध लागूच पडत नाही. भुवयांमधल्या आठ्यांसाठी मूळ कंपनीची ठरलेली मात्रा २० युनिट आहे. पण एका कंपनीचे युनिट म्हणजे दुसऱ्या कंपनीचे युनिट नव्हे, म्हणून 'इतके युनिट अमुक रुपयांत' अशी तुलना करून स्वस्त दुकान शोधण्यात अर्थ नाही. बाटलीवरचे नाव आणि बॅच क्रमांक बघून घ्यावा.

बिघाडाचे मूळ पुष्कळदा उपचारात नसतेच, घरच्या कपाटात असते. रात्री लावायचे मुरमांचे मलम, म्हणजे ट्रेटिनॉइन किंवा अडापालिन, पीलच्या आणि वॅक्सिंगच्या तीन ते सात दिवस आधी बंद करावे लागते. ते लावून पातळ झालेली कातडी वॅक्सबरोबर सोलून निघते. हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि स्टेरॉइड एकत्र असलेली मलमे मैत्रिणीच्या सांगण्यावरून वर्ष-वर्ष लावणाऱ्या मुली आहेत. अशा चेहऱ्यावर शिरा दिसतात, लव वाढते, उन्हात जाताच आग होते. त्यावर पील म्हणजे आगीत तेल. आधी स्टेरॉइड डॉक्टरच्या देखरेखीखाली सोडवायचे, त्यालाच दोन-तीन महिने जातात, मग पुढचे. बिनलेबलच्या डबीतल्या 'गोऱ्या' क्रीमची गोष्ट आणखी वाईट. त्यात पारा सापडतो आणि तो मूत्रपिंडावर जातो.

मुरमांसाठी आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या चालू असतील तर सहा महिने काहीही करू नका, असे पूर्वी सरसकट सांगत. २०१७ मध्ये भारतातल्या आणि अमेरिकेतल्या तज्ज्ञांनी उपलब्ध पुरावे तपासून हा नियम सैल केला. वरवरचे पील, केसांचा लेसर यांना एवढे थांबण्याची गरज नाही. चेहराभर कातडी खरवडणाऱ्या उपचारांना मात्र थांबावे. पण याच गोळ्यांबद्दल दुसरी गोष्ट लग्न ठरलेल्या मुलीला कोणी सांगत नाही: गोळी चालू असताना आणि बंद केल्यावर निदान एक महिना गर्भ राहू देऊ नये. बाळात गंभीर व्यंग येऊ शकते. वांगासाठी ट्रॅनेक्सॅमिक ॲसिडच्या गोळ्या देतात. मुहूर्तासाठी पाळी पुढे ढकलण्याच्या गोळ्या घेतात. दोन्हींची माहिती एकाच डॉक्टरला हवी, कारण रक्तात गुठळी होण्याचा धोका वाढू शकतो. शिवाय हार्मोनच्या गोळ्यांनी वांग वाढते ते वेगळेच.

ओठांच्या कडेला वरचेवर पाण्याच्या फोडांचा पुंजका येत असेल, म्हणजे हर्पीसची सवय असेल, तर लेसरआधी सांगा. आधीपासून गोळ्या सुरू केल्या तर टळते. न सांगता लेसर मारला तर हर्पीस चेहराभर पसरतो. कान टोचल्यावर किंवा बीसीजीची (क्षयाची) लस घेतलेल्या जागी जाड गाठाळ व्रण झाला असेल, तर तेही आधीच सांगायचे.

सुन्न करणारे क्रीम बिनघोर समजू नये. लिडोकेन आणि प्रायलोकेन अडीच-अडीच टक्के असलेले नेहमीचे क्रीम चेहऱ्यावर पाऊण ते एक तास पुरते. तेच दोन्ही पायांभर थापून वर प्लास्टिक गुंडाळले तर औषध रक्तात उतरते. अमेरिकेत लेसरआधी असे जहाल मिश्रण पायांना लावलेल्या दोन तरुणी दगावल्या आणि २००७ साली तिथल्या औषध प्रशासनाने जाहीर इशारा दिला.

स्वतःचे रक्त फिरवून चेहऱ्यावर लावायचे पीआरपी, ज्याला 'व्हॅम्पायर फेशियल' असे भडक नाव आहे, त्याबद्दलही. न्यू मेक्सिको राज्यातल्या एका विनापरवाना स्पात हा उपचार घेतलेल्या महिलांना एचआयव्हीची लागण झाली. अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्राने २०२४ मध्ये त्याचा तपास प्रसिद्ध केला. ट्यूबवर तुमच्यासमोर नाव लिहिले जाते का, सुईचे पाकीट तुमच्यासमोर फाडले जाते का, एवढे दोन प्रश्न विचारण्यात संकोच नको. ग्लुटाथिओनच्या सलाइनबद्दल एवढेच: रंग उजळण्यासाठी ती शिरेतून देण्याला आपल्याकडे मान्यता नाही, आणि फिलिपिन्सच्या औषध प्रशासनाने २०११ मध्येच तिच्याविरुद्ध इशारा दिला होता. ती कोणत्याही उपचाराशी 'कॉम्बो'त बसत नाही.

नाशिकचे ऊन. हवा थंड म्हणून ऊन सौम्य, हा आपला लाडका गैरसमज. निफाडचा पारा खाली गेल्याच्या बातम्या वाचत आपण दुपारी बिनधास्त गाडीवर फिरतो. थंडीतही दुपारचे अतिनील किरण कातडी काळवंडण्यापुरते पुरेसे असतात. मेच्या तिसऱ्या आठवड्यात तर सूर्य अगदी डोक्यावर येतो. सनस्क्रीन एसपीएफ ३० ते ५०. चेहरा आणि मान मिळून तर्जनी आणि मधले बोट यांच्या लांबीएवढ्या दोन रेघा. बाहेर असाल तर दर दोन-तीन तासांनी पुन्हा. वांग असेल तर लोह ऑक्साइड असलेले, कातडीच्या रंगाचे सनस्क्रीन घ्यावे, कारण वांग डोळ्यांना दिसणाऱ्या प्रकाशानेही वाढतो. दुचाकीवर स्कार्फ जरूर बांधा, पण पील किंवा लेसरनंतर तो आठवडाभर सुती आणि सैल हवा. घट्ट सिंथेटिक स्कार्फ गालांच्या उंचवट्यांवर घासतो आणि डाग नेमके तिथेच उमटतात. दिंडोरी-पिंपळगावकडून येणाऱ्यांनी उपचारानंतर बागेत गंधकाची धुरळणी चालू असताना जाऊ नये. जुन्या नाशकातल्या रहाडीत, म्हणजे रंगाच्या पाण्याच्या हौदात, रंगपंचमीला उडी मारायची असेल तर आधीचे दोन आठवडे लेसर-सुया काही नको. रंगाचे साचलेले पाणी आणि उघडी कातडी यांचे जमत नाही. गोदेतल्या डुबकीलाही हेच लागू.

आणि हळद! पील केल्यावर चार दिवसांत हळदीचा कार्यक्रम ठेवला तर पातळ कातडीवर हळद, चंदन, उटणे यांची घासघास आग लावते. हळदीच्या दिवसापर्यंत शेवटच्या पीलला दोन-तीन आठवडे झालेले असावेत.

मग मागून मोजू. शेवटचे दोन आठवडे नवीन काहीही नाही, साधे फेशियलसुद्धा आधी कधी केलेले असेल तरच आणि तेही तीन-पाच दिवस आधी. शेवटचे पील तीन आठवडे आधी. बोटॉक्स आणि फिलर निदान चार आठवडे आधी, म्हणजे दोन आठवडे परिणामाला आणि दोन दुरुस्तीला. शेवटचा लेसर किंवा मायक्रोनीडलिंग सहा आठवडे आधी. मुरमांच्या खड्ड्यांसाठी सुयांची चार सिटिंग लागतात असे धरले, तर मधली तीन अंतरे सहा-सहा आठवड्यांची म्हणजे अठरा, अधिक शेवटचे सहा: चोवीस आठवडे. आज कार्तिकात सुरुवात केली तर वैशाखातले लग्न जेमतेम गाठता येते. माघातल्या लग्नाला बारा-तेरा आठवडे हाताशी आहेत. त्यात तीन पील होतील, किंवा आज केसांचा लेसर, तिसऱ्या आठवड्यात पील, सहाव्यात पुन्हा लेसर, नवव्यात शेवटचे पील. खड्डे भरणार नाहीत, ते सरळ सांगावे. मार्गशीर्षातले लग्न असेल तर सनस्क्रीन, मॉइश्चरायझर, झोप. त्या मुलीला 'पॅकेज' विकणे ही फसवणूक आहे, आम्हाला दुसरा शब्द सुचत नाही.

लेसर किंवा पील पहिल्यांदा करताना कानामागे किंवा जबड्याखाली चाचणीचा ठिपका घ्यावा. दोन दिवसांनी तो बघावा आणि सावळ्या कातडीत तीन-चार आठवड्यांनी पुन्हा.

उपचारानंतर पापुद्रे सुटतील, थोडी खाज येईल. ओढायचे नाही, वाफ नाही, स्क्रब नाही, दोन दिवस जिमचा घाम नाही. दुखणे दुसऱ्या दिवसानंतर कमी होण्याऐवजी वाढले, पिवळी खपली किंवा पू आला, तर त्याच दिवशी दाखवायचे. काळा डाग उमटलाच तर त्यावर आणखी पील किंवा लेसर मारून तो 'जाळू' नका. सनस्क्रीन आणि सौम्य मलमांनी तो बहुधा काही महिन्यांत फिका होतो, जाळायला गेलात तर वर्षे काढतो. फिलरनंतर मात्र दिवस नव्हे, तास आणि मिनिटे मोजायची असतात. कातडी पांढरी पडली, जाळीसारखी निळसर नक्षी दिसली, भयंकर कळ आली तर रक्तवाहिनी तुंबल्याचा संशय घ्यावा. बोटाने दाबून सोडल्यावर दोन-तीन सेकंदांत रंग परतला नाही तर संशय पक्का. हायलुरॉनिक ॲसिडचे फिलर विरघळवणारे हायलुरॉनिडेज तिथल्या तिथे द्यावे लागते. डोळ्यापुढे अंधारी आली तर तडक नेत्रतज्ज्ञ असलेले मोठे रुग्णालय. ज्यांच्या फ्रिजमध्ये हायलुरॉनिडेजची कुपी नाही त्यांच्याकडे फिलर घेऊ नये. विचारा आणि दाखवायला सांगा.

आता मुद्द्याची मागणी. युरोपला जाणाऱ्या नाशिकच्या द्राक्षाच्या प्रत्येक बागेची नोंद असते. कोणते औषध, किती मात्रेत, कोणत्या तारखेला फवारले आणि काढणीपर्यंत किती दिवस थांबायचे हे शेतकरी वहीत लिहितो. अपेडा या केंद्राच्या शेतमाल-निर्यात संस्थेच्या 'ग्रेपनेट'वर बागेचा माग लागतो. खरड छाटणी केल्यावर आठवड्यात फुटवे दिसले नाहीत म्हणून पुन्हा कात्री लावणारा शेतकरी आम्हाला माहीत नाही. त्याच जिल्ह्यात मुलगी पील एका पार्लरमध्ये करते, लेसर दुसरीकडे, बोटॉक्स मुंबईहून महिन्यातून एकदा येणाऱ्या डॉक्टरकडे, आणि तिघांनाही एकमेकांचा पत्ता नसतो. तिच्या हातात कागदाचा कपटाही नसतो.

प्रत्येक केंद्राने प्रत्येक सिटिंगनंतर एक कार्ड भरून द्यावे. पील असेल तर आम्लाचे नाव, टक्का, पीएच, किती मिनिटे. लेसर असेल तर तरंगलांबी, ठिपक्याचा आकार, ऊर्जा, पल्सचा काळ. सुया असतील तर खोली आणि किती वेळा फिरवल्या. टोचले असेल तर कंपनी, बॅच क्रमांक, युनिट किंवा मिलिलिटर, आणि कुठे. खाली तारीख, करणाऱ्याचे नाव, महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलचा नोंदणी क्रमांक, आणि त्या भागावर पुढचा कोणताही उपचार कोणत्या तारखेच्या आधी करू नये, ती तारीख. शेवटची ओळ सर्वांत महत्त्वाची. पार्लरच्या ताईंनीही ब्लीच आणि वॅक्सची तारीख याच कार्डावर लिहावी. त्यांना वगळून हे जमणार नाही, कारण चेहरा सगळ्यांत जास्त वेळा त्यांच्याच हाताखाली जातो. म्हसरूळला १९९८ पासून आरोग्य विज्ञान विद्यापीठ आहे. असा नमुना मराठीत तयार करून देणे त्याला अवघड नसावे.

तोपर्यंत एक विनंती आपल्याकडे. वरच्या परिच्छेदातले रकाने चौकटीत घालून, पर्समध्ये मावेल एवढ्या आकारात एखाद्या रविवारी छापावेत. तारखेचा रकाना जरा मोठा ठेवावा.

आपले,
नाशिकमधील काही त्वचारोगतज्ज्ञ